रायफल मुरावी लागते

देवळाली कॅम्पात वाढलेल्या मुलाला तोफेचा आवाज कानाआधी घरातल्या वस्तूंमधून कळतो. आधी खिडकीची तावदानं थरथरायची, फडताळातले पेले एकमेकांना लागून किणकिणायचे आणि मग तो जड, दबका ‘धुम्म’ यायचा. ‘आज मोठ्या तोफा काढल्यात,’ असं म्हणून आई पुन्हा भाकरी थापायला लागायची. तोफखाना शाळेच्या फायरिंग रेंजपासून फार लांब नसलेल्या आमच्या घरात त्याचं कौतुक कुणाला उरलं नव्हतं. मला मात्र होतं आणि अजून आहे.

थोडा मोठा झाल्यावर ‘तोपची’ या वार्षिक प्रात्यक्षिकात बोफोर्स जवळून पाहायला मिळाली. बारा टनांच्या आसपास वजनाचं ते धूड स्वतःच्या छोट्या इंजिनावर सरकत जागेवर आलं, मागचे दोन पाय फाकवून जमिनीत रुतवले गेले आणि तोफचींनी ४३ किलोच्या आसपासचे गोळे एकामागून एक चढवले. पहिला गोळा समोरच्या डोंगरावर फुटलेला दिसेपर्यंत तिसरा नळीतून निघून गेला होता.

कॉलेजात असताना एनसीसीच्या शिबिरात एका पलटणीत राहायला मिळालं. तिथे इन्सास ही भारतीय बनावटीची रायफल हातात आली. तिचं मॅगझिन पारदर्शक प्लॅस्टिकचं, आतली पितळी काडतुसं एकावर एक बसलेली बाहेरून मोजता यायची. शिकवणारे हवालदार साताऱ्याकडचे होते. आम्ही त्यांना उस्ताद म्हणायचो. मॅगझिन लावायच्या आधी त्यांनी ते उन्हात धरून दाखवलं. तळाच्या कोपऱ्यात केसाएवढी बारीक रेघ होती. ‘पोरांनो, हे असं होतं. दगडावर पडू देऊ नका,’ ते म्हणाले. कुणीतरी विचारलं, ‘उस्ताद, मग हे कळवत नाही का?’ ते म्हणाले, ‘कळवलंय की. वर गेलंय.’

त्या दिवसापासून हे ‘वर गेलंय’ माझ्या डोक्यातून गेलेलं नाही. भारताला आधुनिक रायफल आणि तोफ बनवता येते की नाही, यावर आपल्याकडे तीस-चाळीस वर्षं वाद चालू आहे. एका बाजूला ‘आपल्याला जमतच नाही, बाहेरून घ्या’ म्हणणारे, दुसऱ्या बाजूला ‘आपलंच सर्वोत्तम, नावं ठेवणारा देशाचा शत्रू’ म्हणणारे. माझं म्हणणं दोघांपेक्षा वेगळं आहे. आपल्याला शस्त्र आखता येतं, घडवताही येतं. पण त्यातले दोष वर्षानुवर्षं मागे लागून काढत ते मुरवण्याची व्यवस्था आपण उभी केली नाही. रायफल लोणच्यासारखी असते, बरणी भरली म्हणजे काम झालं असं होत नाही. ज्या सैन्यांची शस्त्रं आज नावाजली जातात, त्यांचीही पहिली आवृत्ती बहुतेक वेळा रडवणारीच होती.

अमेरिकेची एम-१६ घ्या. १९६६-६७ मध्ये व्हिएतनामच्या जंगलात ती सारखी अडकायची. गोळी सुटल्यावर काडतुसाचं रिकामं टरफल चेंबरमध्येच, म्हणजे नळीच्या मागच्या टोकाला काडतूस बसतं त्या जागी, रुतून बसायचं आणि जवानाला समोरून गोळ्या येत असताना नळीत सळई खुपसून ते बाहेर ढकलावं लागायचं. कित्येक जण तसे करतानाच मारले गेले. मुळाशी गेल्यावर तीन गोष्टी सापडल्या. काडतुसातली दारू बदलली होती. नव्या दारूने काजळी जास्त धरायची आणि यंत्रणेचा वेग वाढायचा. चेंबरला क्रोमचा मुलामा नव्हता, त्यामुळे दमट हवेत गंज चढायचा. आणि ‘हिला साफ करावं लागत नाही’ असा समज पसरल्याने सफाईचं साहित्यच पुरेसं पाठवलेलं नव्हतं. जवानांनी घरी पत्रं लिहिली, ती लोकप्रतिनिधींच्या हातात पडली, संसदीय उपसमिती बसली. तिने १९६७ च्या जाहीर अहवालात लिहिलं, की दारूगोळ्यातले दोष वेळेत दूर न करणं हे गुन्हेगारी निष्काळजीपणाच्या सीमेवर जातं. इतके कठोर शब्द स्वतःच्याच सैन्याच्या अधिकाऱ्यांबद्दल, तेही युद्ध चालू असताना. पण रायफल कचऱ्यात गेली नाही. चेंबरला क्रोम चढला, सफाईचे संच पोहोचले, जवानांना समजेल अशी चित्रांची पुस्तिका छापली गेली. त्याच घराण्याच्या रायफली पुढे अर्धशतकाहून जास्त काळ अमेरिकी सैनिकाच्या खांद्यावर राहिल्या.

ब्रिटिशांची गोष्ट आणखी जवळची वाटते. १९८५ साली सेवेत आलेली त्यांची एल-८५ रायफल १९९१ च्या आखाती युद्धात वाळूने हैराण झाली, मॅगझिन आपोआप गळून पडायची. तिची इतकी टिंगल झाली की दुसऱ्या एखाद्या देशाने ती मोडीत काढली असती. त्यांनी २००० नंतरच्या दोन-तीन वर्षांत सुमारे दोन लाख रायफली एका जर्मन कंपनीकडून आतून बदलून घेतल्या. बाहेरून तीच रायफल, आत बोल्ट, एक्स्ट्रॅक्टर, हॅमर, मॅगझिन सगळं नवं. ती अफगाणिस्तानात चालली.

मोठ्या तोफांचंही तेच. १८६६ च्या ऑस्ट्रियाविरुद्धच्या युद्धात प्रशियाच्या क्रुप कंपनीच्या पोलादी, मागून भरायच्या काही तोफा चालू लढाईत फुटल्या. ब्रीच, म्हणजे नळीचं मागचं तोंड, बंद करण्याची पद्धत कच्ची होती. ब्राँझच्या तोफांच्या समर्थकांनी ‘आम्ही सांगत नव्हतो का’ म्हणून आरोळी ठोकली. क्रुपने ब्रीच सुधारली, सैन्याने पोलाद सोडलं नाही, आणि चारच वर्षांनी सेदानच्या लढाईत त्या तोफांनी फ्रेंच फौजेला उंचावरून अक्षरशः ठेचून काढलं. फ्रेंच तोफा तेव्हाही ब्राँझच्या होत्या आणि तोंडाकडून भरल्या जात होत्या.

आता आपल्याकडे वळू. १९६२ मध्ये हिमालयात आपला जवान .३०३ ली-एनफिल्ड घेऊन उभा होता, प्रत्येक गोळीनंतर बोल्ट हाताने मागे ओढत. समोर अर्धस्वयंचलित आणि स्वयंचलित शस्त्रं होती. त्यानंतर पुढची गोळी आपोआप भरणारी ७.६२ मिमीची एसएलआर रायफल आली. दणकट, भरवशाची, पण लांब आणि जड. श्रीलंकेत शांतिसेना गेली तेव्हा झाडीत कलाश्निकोव्ह घेतलेल्या पोरांसमोर ती अवजड ठरली. म्हणून हलक्या ५.५६ मिमीच्या स्वदेशी रायफलीची निकड होती आणि पुण्यात पाषाणला एआरडीई या संशोधन संस्थेने ती आखली. तिच्यात कलाश्निकोव्हचा पिस्टन आणि बोल्ट, एसएलआरच्या घराण्यातला गॅस रेग्युलेटर, जर्मन जी-३ च्या धर्तीवर डाव्या बाजूला पुढे असलेलं कॉकिंग हँडल. अशी उसनवारी करण्यात गैर काही नाही. जगातली प्रत्येक रायफल कुणाची तरी नात असते. इन्सासची नळी अचूक होती, हे तिला नावं ठेवणारे जवानही मान्य करतात.

कारगिलच्या थंडीत तिचे दोष उघडे पडले. मॅगझिनला तडे जायचे, यंत्रणा अडकायची, कधी तेलाचे शिंतोडे डोळ्यांवर उडायचे. पुढे नेपाळनेही माओवाद्यांशी लढताना ती बंद पडते अशी तक्रार केली, तेव्हा आपल्याकडून उत्तर गेलं की रायफल नीट हाताळली जात नसावी. कदाचित त्यात तथ्य असेलही. पण ‘वापरणाऱ्याचं चुकतंय’ हे कारखान्याचं पहिलं वाक्य झालं की तपासणी तिथेच थांबते. अमेरिकेतही सुरुवातीला हेच झालं होतं, जवान रायफल साफ करत नाहीत म्हणून त्यांच्यावरच खापर फोडलं गेलं. फरक एवढाच की तिथे कुणीतरी पुढे जाऊन ‘साफ करायला त्यांना दिलंय काय?’ असं विचारलं.

इन्सासमध्ये सुधारणा झालीच नाही असं नाही. पुढच्या आवृत्त्या आल्या, मॅगझिन बदलली. पण दोष कळवणारा जवान, नकाशा बदलणारा अभियंता आणि साचा बदलणारा कारखाना या तिघांमध्ये इतकं अंतर होतं, की एक चक्र पूर्ण होईपर्यंत सैन्याचा विश्वास उडालेला होता. आखणी पाषाणला, उत्पादन कानपूर, ईशापूर आणि तिरुचिरापल्लीला, वापर सियाचीनपासून मणिपूरपर्यंत. मधल्या प्रत्येक टेबलावर एक शिक्का. उस्तादांचं ‘वर’ म्हणजे हा सगळा जिना होता.

दुसऱ्या बाजूने सैन्याचंही चुकलं, आणि हे सांगायला आपण कचरतो. २०११ मध्ये अशी निविदा निघाली की एकाच रायफलीची नळी बदलून ती दोन वेगवेगळ्या कॅलिबरची, म्हणजे दोन वेगळ्या जाडीच्या गोळ्यांची व्हावी. जगातल्या नावाजलेल्या कंपन्याही ती मागणी पुरी करू शकल्या नाहीत आणि २०१५ मध्ये निविदा रद्द झाली. चार वर्षं गेली. आधी आपण मानत होतो की ५.५६ ची गोळी शत्रूला जखमी करते आणि एका जखमीला उचलायला दोघे गुंततात. काश्मीरमध्ये अतिरेक्याला उचलायला कुणी येत नाही, तो जखमी होऊनही गोळ्या झाडत राहतो, म्हणून पुन्हा जड गोळी हवी झाली. ही गरज खोटी नव्हती. पण ती कळायला आणि कागदावर यायला जो वेळ लागला, तेवढ्यात २०१९ साली ७.६२ बाय ५१ ची (गोळीची जाडी आणि टरफलाची लांबी, मिलिमीटरमध्ये) ७२,४०० सिग-७१६ रायफली अमेरिकेतून घ्याव्या लागल्या, आणि डिसेंबर २०२१ मध्ये ६,०१,४२७ एके-२०३ अमेठीजवळच्या कोरवा इथे रशियाबरोबर मिळून बनवण्याचा करार झाला. तिची गोळी ७.६२ बाय ३९. आज पायदळाच्या रसदीत तीन वेगवेगळ्या लांबी-रुंदीची रायफल-काडतुसं फिरतात. खेचरावर चढवलेली पेटी चुकीच्या चौकीवर गेली तर त्यातली एकही गोळी तिथे कामाची नाही.

इथे एक आक्षेप येतो आणि तो मला सगळ्यात जड वाटतो. नियंत्रण रेषेवर रात्री उभा राहणारा पोरगा म्हणजे प्रयोगशाळा नव्हे. देशी उद्योग मुरावा म्हणून त्याने अडकणारी रायफल का घ्यायची? मी स्वतः त्या जागी असतो किंवा माझा भाऊ असता तर जी चालते ती द्या म्हणालो असतो. म्हणून तातडीची खरेदी करू नये असं मी म्हणत नाही. सिग घेतली ते बरोबरच केलं. पण ब्रिटिशांनी जे केलं ते आपण का केलं नाही? हातात लाखो इन्सास होत्या, नळी चांगली होती, दोष नेमके ठाऊक होते. दोन-तीन पलटणींसाठी त्या आतून बदलून, सियाचीन आणि राजस्थानात वर्षभर झिजवून पाहणं हा त्यामानाने छोटा खर्च होता. तो केला असता तर कदाचित तरीही रायफल बदलावी लागली असती. पण पुढची रायफल आखणाऱ्या हातांना ते ज्ञान मिळालं असतं. ते मिळालं नाही, म्हणून २०१७ मध्ये ईशापूरची नवी ७.६२ रायफल चाचणीत पुन्हा दोषांवरून नापास झाली.

तोफांची कहाणी याहून दुःखाची आणि, मला वाटतं, याहून आशेची आहे. बोफोर्सचा करार २४ मार्च १९८६ चा. ४१० तोफा, सुमारे १,४३७ कोटी रुपये. १६ एप्रिल १९८७ ला स्वीडिश रेडिओने दलालीची बातमी दिली आणि त्यानंतर जे झालं ते सगळ्यांना ठाऊक आहे. लाच खाणाऱ्यांना शिक्षा व्हायलाच हवी होती. झालं असं की शिक्षा तोफखान्याला झाली. फायलीवर सही करायला कुणी धजावेना. पुढची तीस वर्षं, २०१६ मध्ये अमेरिकेशी एम-७७७ तोफांचा करार होईपर्यंत, देशाने एकही नवी १५५ मिमीची तोफ विकत घेतली नाही. मध्ये ज्या परदेशी कंपन्यांशी बोलणी झाली, त्यातल्या काही काळ्या यादीत गेल्या. आणि तीच बदनाम बोफोर्स १९९९ मध्ये द्रासला उभी राहिली, तोलोलिंग आणि टायगर हिलच्या कड्यांवर थेट नेम धरून गोळे टाकत. त्या युद्धात आपल्या तोफखान्याने अडीच लाखांच्या घरात गोळे, बाँब आणि रॉकेटं डागली. जे आहे त्यानिशी लढू, असं तेव्हाचे लष्करप्रमुख जनरल मलिक म्हणाले होते. त्या वाक्याचा आपण अभिमानाने उल्लेख करतो. मला ते वाचताना दरवेळी लाज वाटते, कारण ‘जे आहे’ ते एवढंच का होतं याचं उत्तर त्यांच्याकडे नव्हतं, आपल्याकडे होतं.

मूळ करारात तंत्रज्ञान हस्तांतराचाही भाग होता. तोफेचे नकाशे, हजारो पानं, भारतात आलेली होती आणि दोन दशकांहून जास्त काळ ती कपाटात पडून राहिली. अखेर जबलपूरच्या गन कॅरेज फॅक्टरीने ती उघडली आणि ‘धनुष’ तयार झाली. बोफोर्सची नळी ३९ कॅलिबरची, म्हणजे तिच्या तोंडाच्या रुंदीच्या ३९ पट लांब. धनुषची ४५ पट. लांब नळीत दारूच्या वायूला गोळा ढकलायला जास्त वेळ मिळतो, म्हणून पल्ला वाढतो. २०१७ च्या चाचण्यांत गोळा नळीच्या टोकावरच्या मझल ब्रेकला, म्हणजे तोफेचा मागचा धक्का कमी करणाऱ्या भागाला, घासून गेला. त्याच वर्षी जर्मन म्हणून चिनी बेअरिंग पुरवल्याबद्दल सीबीआयने गुन्हा नोंदवला. आधीच्या सवयीप्रमाणे प्रकल्प इथेच गुंडाळला जायचा. तसं झालं नाही. कारणं शोधली गेली, पुन्हा गोळे झाडले गेले आणि एप्रिल २०१९ मध्ये पहिल्या सहा तोफा सैन्याला मिळाल्या. मागवलेल्या ११४ पैकी बाकीच्या अपेक्षेपेक्षा फार संथ येत आहेत, आणि त्याबद्दल कारखान्यांना जाब विचारलाच पाहिजे. तरीही इथे पहिल्यांदा आपण फुटलेल्या गोष्टीपाशी थांबून तिच्याकडे नीट पाहिलं.

एटॅग्स या पूर्ण देशी तोफेबाबत हे आणखी स्पष्ट दिसतं. २०१३ मध्ये पाषाणच्या एआरडीईने, पुण्याच्या भारत फोर्ज आणि टाटा समूहाच्या कंपनीला सोबत घेऊन तिचं काम सुरू केलं. नळी ५२ कॅलिबरची, आठ मीटरहून जास्त लांब. बहुतेक हालचाली तेलाच्या दाबाऐवजी विजेवर, म्हणजे गळती आणि गोठण्याची काळजी कमी. चाचण्यांत तिचा गोळा ४८ किलोमीटरच्या आसपास गेला. सप्टेंबर २०२० मध्ये पोखरणला तिची नळी फुटली आणि चौघे जखमी झाले. मला आठवतं, त्या दिवशी बातमी वाचून मी मनात तोफेचं श्राद्ध घातलं होतं. पण चौकशी झाली, चाचण्या पुन्हा सुरू झाल्या, २०२२ मध्ये सैन्याच्या देखरेखीतल्या चाचण्या पार पडल्या. त्या वर्षीच्या १५ ऑगस्टला लाल किल्ल्यावरच्या सलामीत ती गरजली, आणि मार्च २०२५ मध्ये ३०७ तोफांचा, सुमारे ६,९०० कोटींचा करार झाला. इन्सास आणि एटॅग्स दोन्ही एकाच संस्थेत जन्मल्या. बुद्धी तीच होती. दुसऱ्या वेळी अपयशानंतरही तोच गट कामावर राहिला आणि बनवणारे पहिल्या दिवसापासून खोलीत होते.

मराठी माणसाला ही गोष्ट दोनशे वर्षांपूर्वी शिकायला मिळाली होती. जालना जिल्ह्यातल्या असईच्या रणात, २३ सप्टेंबर १८०३ ला, शिंद्यांच्या तोफांनी इंग्रज सेनापती वेलस्लीच्या फौजेतले दीड हजारांहून जास्त लोक मारले किंवा जखमी केले. तोफा उत्तम होत्या आणि गोलंदाज तोफांपाशीच मरून पडले. पण महादजींच्या काळात आग्र्याला तोफा ओतणारा सँगस्टर हा स्कॉट, कवायती पलटणी उभ्या करणारा डी बॉइन परदेशी, आणि युद्धाच्या तोंडावर दौलतरावांचे इंग्रज अधिकारी नोकरी सोडून निघून गेले. तोफा आपल्या होत्या, त्या ओतायची आणि चालवायची विद्या पगारावर ठेवलेली होती. आज कोरव्यात एके-२०३ चे सगळे सुटे भाग भारतात बनू लागले, तरी तिच्यात काही बिघडलं तर काय बदलायचं हे ठरवणारी बुद्धी कुठली असेल, हा प्रश्न मला त्यामुळेच सतावतो.

मग करायचं काय? ऑक्टोबर २०२१ मध्ये आयुध निर्माणी मंडळ मोडून सात कंपन्या केल्या गेल्या. ते गरजेचं होतं असं मला वाटतं, पण पाट्या बदलल्याने उस्तादांची चिठ्ठी लवकर पोहोचत नाही. प्रत्येक शस्त्रामागे आखणाऱ्यांचा एक छोटा गट ते शस्त्र निवृत्त होईपर्यंत बांधलेला हवा. सैन्यातला अधिकारी अशा प्रकल्पावर दोन-तीन वर्षांसाठी येतो आणि काम कळायला लागतं तेव्हा त्याची बदली होते. एटॅग्सला कामाच्या सुरुवातीपासून करारापर्यंत बारा वर्षं लागली, तिच्याबरोबर पहिल्यापासून शेवटपर्यंत राहिलेला वर्दीतला माणूस असायला हवा होता. अशी माणसं आहेत. महूच्या इन्फंट्री स्कूलमधले लेफ्टनंट कर्नल प्रसाद बनसोड यांनी एआरडीईबरोबर मिळून ‘अस्मी’ ही ९ मिमीची मशीन पिस्तूल चार महिन्यांत उभी केली होती. आणि दोषांचे अहवाल, गोपनीय तपशील वगळून, दरवर्षी संसदेच्या संरक्षणविषयक स्थायी समितीपुढे गेले पाहिजेत. शत्रूला आपल्या रायफलीचे दोष कळतील ही भीती मला पटत नाही. ज्याच्या हातात ती रणांगणावर पडते त्याला ते आधीच कळलेले असतात. कळत नाहीत ते फक्त आपल्याला, जे तिचे पैसे भरतो.

पाषाणमध्येच जानेवारी २०२४ ला ‘उग्रम’ ही ७.६२ बाय ५१ ची नवी रायफल दाखवण्यात आली, हैदराबादच्या एका खासगी कंपनीबरोबर शंभराहून कमी दिवसांत बनवलेली. शंभर दिवसांत रायफल बनते, यात मला नवल वाटत नाही. मला तिच्या पहिल्या हिवाळ्याची काळजी आहे. उणे वीस तापमानात एखादा हवालदार हातमोजा काढून वहीत लिहील, की तिसऱ्या मॅगझिननंतर बोल्ट जड चालतो. ती नोंद पाषाणला कोणाच्या टेबलावर जाणार आहे, आणि तो माणूस किती दिवसांत त्या हवालदाराला स्वतः उत्तर पाठवणार आहे, हे रायफल पलटणीत जायच्या आधी, नावानिशी, कागदावर आलं पाहिजे.